मारलं की मारलंन? कोकणात न्यायसहायक भाषाविज्ञानाचं काम शिकणाऱ्यांसाठी

रत्नागिरीकडच्या एखाद्या आजींना विचारा की कालचं भांडण कसं पेटलं. त्या सांगतील, “आधी शिवी दिलीन, मग काठी उचललीन नि मारलंन.” वाक्यात कर्ता कुठेच नाही. तरी ऐकणाऱ्या शेजारणीला शंका राहत नाही. हे सगळं त्याने किंवा तिने केलं, आजींनी स्वतः काही केलेलं नाही. शेवटचा तो ‘न’ एवढंच सांगायला तिथे बसलेला असतो.

आता हेच जबाबात टाइप होऊन येतं: “प्रथम शिवीगाळ केली, त्यानंतर काठी उचलली व मारले.” भाषा शुद्ध झाली. ‘न’ गेला आणि त्याच्याबरोबर मारणारा माणूसही गेला. प्रमाण मराठीतलं ‘मारले’ माझंही असू शकतं, त्याचंही, तिचंही. खटला उभा राहीपर्यंत आजींना नीट आठवत नसतं, आणि उलटतपासणीत वकील विचारतात, “मारले म्हणजे कोणी मारले, ते तुमच्या जबाबात कुठे आहे?”

त्या ‘न’चा माग काढणं हे न्यायसहायक भाषाविज्ञानाचं, म्हणजे खटल्यात आलेल्या बोलण्या-लिहिण्याची भाषा तपासणाऱ्या विषयाचं, काम. परदेशातल्या गाजलेल्या प्रकरणांत या विषयाची ओळख ‘लिहिणारा कोण ते शोधून काढणारे लोक’ अशी होते. किनाऱ्यावर काम करायचं असेल तर मी वेगळा क्रम सुचवते. मजकूर कोणाचा हे विचारण्याआधी, तो तोंडातून कागदावर येईपर्यंत किती हातांतून गेला ते विचारा. पुढच्या सगळ्या पायऱ्या या एका प्रश्नावर उभ्या आहेत. भाषाविज्ञान किंवा मराठी घेऊन एम.ए. केलेल्यांसाठी, कोर्टात दुभाष्याचं काम करणाऱ्यांसाठी आणि कान तयार असलेल्या तरुण वकिलांसाठी हे लिहीत आहे.

पायरी १ : हे काम कशाचं नाही

हस्ताक्षर ओळखणं आपलं काम नाही. त्यासाठी वेगळे तज्ज्ञ असतात. आवाज कोणाचा हे यंत्रावर ताडून पाहणंही आपलं नाही. महाराष्ट्रात ते काम न्यायसहायक वैज्ञानिक प्रयोगशाळेकडे जातं, तिचं मुख्यालय मुंबईत कालिन्याला आहे. माणूस खोटं बोलतोय का, हे तर आपण कधीच सांगायचं नाही. ‘शब्दांवरून खोटं पकडा’ असे व्हिडिओ पाहून या विषयाकडे वळला असाल तर ते डोक्यातून काढून टाका.

आपल्याकडे येतात ते असे प्रश्न: या ध्वनिमुद्रणात नेमकं काय म्हटलं आहे? त्या बोलीत त्याचा अर्थ काय होतो? हा जबाब ज्याच्या नावावर आहे त्याच्या तोंडचा वाटतो का? ही दोन पत्रं एकाच हातची असण्याकडे भाषेचा कल किती?

कायद्यात या कामाला जागा आहे. १ जुलै २०२४ पासून १८७२ च्या पुरावा कायद्याच्या जागी भारतीय साक्ष्य अधिनियम आला. जुन्या कलम ४५ मधली तज्ज्ञाच्या मताची तरतूद आता कलम ३९ मध्ये आहे. विज्ञान आणि कला यांच्या जोडीला त्यात ‘किंवा इतर कोणतंही क्षेत्र’ अशी भर पडली आहे. भाषेच्या माणसाला ही भर उपयोगी आहे. तरी न्यायालय तुमचं मत मत म्हणूनच घेतं, आणि निकाल त्यांचा असतो.

पायरी २ : कान तयार करा

इथे घाई करू नका. वर्षभर लागलं तर लागू द्या.

किनाऱ्यावर ‘कोकणी भाषा’ नावाचं एकच काही नसतं. सिंधुदुर्गात मालवणी, तिलाच कुडाळी असंही म्हणतात. रत्नागिरीत संगमेश्वरी, बाणकोटी आणि चित्पावनी. किनारपट्टीच्या मुसलमान वस्त्यांतली बोली आणखी वेगळी. रायगडात आगरी, कोळी, कातकरी. वसईकडे सामवेदी. रेवदंड्याजवळ कोर्लईला तर पोर्तुगीज भाषेतून जन्मलेली नौ लिंग अजून घराघरांत बोलली जाते, आणि पोर्तुगीज तिथून १७४० साली गेले. एका पोलीस ठाण्याच्या हद्दीत यातल्या तीन-चार सहज सापडतात. ठाण्यातला लिहिणारा मात्र बदलीवर घाटावरून आलेला असू शकतो, आणि त्यात त्याचा काही दोष नाही.

कुठे घसरायला होतं त्याचे काही नमुने देते. हे मी बनवलेले आहेत, कुठल्या प्रकरणातले नाहीत.

मालवणीत ‘मी जातंय’ म्हणजे ‘मी जातो’. बोलताना ‘मी’ गाळला की उरतं नुसतं ‘जातंय’. फोनवर कुणी म्हणालं, “जातंय थंय, बगतंय तेका,” तर मालवणच्या माणसाला ऐकू येतं: मी तिथे जातो, मी त्याला बघतो. पुण्याच्या किंवा नाशिकच्या कानाला ऐकू येतं की कोणीतरी तिथे जात आहे आणि त्याला पाहत आहे. पहिल्या ऐकण्यात बोलणारा स्वतः निघाला आहे, दुसऱ्यात तो लांबून बातमी देतो आहे. व्याकरणातला पुरुष बदलला की आरोपीही बदलू शकतो.

‘सांगूक नाय’ म्हणजे ‘सांगितलं नाही’. ‘सांगू नका’ असा त्याचा अर्थ लावला तर साधी माहिती साक्षीदाराला दिलेला दम होऊन बसते. ‘सांगूचा नाय’ हे तिसरंच, ‘सांगायचं नाही’. ‘मारल्यान’ म्हणजे ‘त्याने मारलं’, रत्नागिरीच्या ‘मारलंन’चा हा मालवणी भाऊ. पण टाइप करणारा त्याचं ‘मारल्याने’ करतो. मग “तेणां माका आधी मारल्यान” याचं “मला आधी मारल्याने” होतं, आणि साधं विधान कारण बनून पुढच्या वाक्याला चिकटतं.

रायगडात आणखी मजा. आगरीत ‘ळ’चा ‘ल’ होतो, ‘ण’चा ‘न’, आणि शब्दामधल्या ‘ड’चा बऱ्याचदा ‘र’; ‘पडला’चा ‘परला’. मी वेंगुर्ल्याची. पहिल्यांदा आगरी ध्वनिमुद्रण ऐकताना ‘गालात’ हा शब्द मी दोन दिवस गालाशी जुळवत बसले होते. चापट मारली असणार, असं मनाने पक्कं केलेलं. शेवटी पेणच्या मैत्रिणीने ऐकलं आणि हसत म्हणाली, “अगं, गाळात! खाडीच्या गाळात.” माणूस चिखलात रुतलेला होता आणि मी त्याला थोबाडीत मारून मोकळी झाले होते. तेव्हापासून माझ्या जिल्ह्याबाहेरचं काही आलं की तिथला माणूस सोबतीला घेतल्याशिवाय मी एक ओळ लिहीत नाही.

अभ्यासाला साधनं आहेत. डेक्कन कॉलेज आणि राज्य मराठी विकास संस्थेने केलेल्या बोलींच्या सर्वेक्षणातली ध्वनिमुद्रणं संकेतस्थळावर ऐकता येतात. अ. मा. घाटगे यांनी १९६० च्या दशकात कुडाळीचं आणि महाडच्या कुणबी बोलीचं केलेलं वर्णन आजही टेबलावर ठेवण्यासारखं आहे. ग्रिअर्सनच्या भारतीय भाषांच्या सर्वेक्षणाचा मराठीचा खंड १९०५ चा. त्यातले नमुने जुने झाले, पण कुठली सवय किती जुनी आहे हे दाखवायला उपयोगी पडतात.

आणि चाकरमानी विसरू नका. लालबाग-परळात वाढलेला मालवणी माणूस गणपतीला गावी येतो तेव्हा त्याची मालवणी मुंबईच्या मराठीत भिजलेली असते. लग्न होऊन दुसऱ्या तालुक्यात गेलेल्या बाईच्या बोलण्यात माहेर आणि सासर दोन्ही असतात. नकाशावर रेघ मारून ‘हा शब्द इथला, हा तिथला’ म्हणणारा अहवाल अशा माणसापुढे टिकत नाही.

पायरी ३ : प्रश्न लिहून घ्या, गोष्ट ऐकू नका

काम वकिलांकडून येतं, कधी तपासी अंमलदारांकडून. फोनवर पहिली पाच मिनिटं ते प्रकरणाची गोष्ट सांगू लागतात. कोण कुणाचा चुलता, जमीन किती गुंठे, कोण कसा नालायक. हात जोडून थांबवा. तुम्हाला फक्त मजकूर, तो कुठून आला याची नोंद आणि लेखी प्रश्न हवा. प्रश्न मोठा असेल तर छोटा करून मागा. ‘हे धमकीचं पत्र आरोपीने लिहिलं का?’ याऐवजी ‘पत्र क्रमांक १ आणि आरोपीचे मान्य केलेले ७ अर्ज यांच्या लेखनसवयी किती जुळतात?’ असा.

गोष्ट ऐकल्यावर कान सरळ राहत नाही. त्याचं प्रात्यक्षिक पुढच्याच पायरीत मिळेल.

पायरी ४ : ध्वनिमुद्रण उतरवून काढणं

एक प्रयोग करा. खरखरीत, वाऱ्यात घेतलेलं अर्ध्या मिनिटाचं ध्वनिमुद्रण दोन मित्रांना ऐकवा. एकाला आधी हातात लिहिलेला मजकूर द्या, दुसऱ्याला काहीच देऊ नका. पहिल्याला तो मजकूर स्पष्ट ऐकू येईल, चुकीचा असला तरी. म्हणून फायलीसोबत पोलिसांनी उतरवलेला कागद आला तर पाकीट बंदच ठेवा. स्वतःचं उतरवून झाल्यावर उघडा.

त्याआधी फाइल कुठली ते पाहा. व्हॉट्सॲपवरून आलेला आवाज दाबलेला असतो. मूळ फोनमधली फाइल मागा. तिची हॅश किंमत, म्हणजे फायलीचा अंकी ठसा, नोंदवलेली असावी. साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालच्या प्रमाणपत्रात तो रकानाच आहे. प्रमाणपत्राशिवाय इलेक्ट्रॉनिक नोंदीची प्रत चालत नाही हे सुप्रीम कोर्टाने २०२० साली पक्कं केलं, तेही जालन्याच्या एका निवडणूक वादात. ते पाहणं तांत्रिकदृष्ट्या वकिलांचं काम आहे. पण चार आठवडे राबून उतरवलेली फाइल पुराव्यातच आली नाही, तर आपले चार आठवडे गेले.

उतरवताना तीन ओळी ठेवा. पहिल्या ओळीत जसं ऐकू आलं तसं: ‘बगतंय’ला ‘बगतंय’च, ‘हं’, ‘आं’, थांबे, एकावर एक बोललेलं, सगळं. दुसऱ्या ओळीत शब्दाखाली शब्द, पुरुष आणि काळ सांगून. तिसऱ्या ओळीत प्रमाण मराठीतला अर्थ. न्यायाधीश बहुधा तिसरी ओळ वाचतील, पण वाद झाला की तो पहिल्या ओळीवर होईल. कळलं नाही तिथे ‘अस्पष्ट’ लिहा आणि किती सेकंद ते लिहा. दोन अर्थ शक्य असतील तर दोन्ही लिहा. ‘प्रात’ नावाची मोफत संगणकप्रणाली ॲम्स्टरडॅम विद्यापीठातल्या दोघांनी बनवली आहे. तीत ध्वनीचं चित्र दिसतं. ‘ल’ की ‘ळ’ असा वाद पडला की कधीकधी कानापेक्षा डोळा उपयोगी पडतो. वाऱ्याच्या आवाजात मात्र चित्रही गढूळ होतं.

आवाजाचा नमुना देण्याचा आदेश आरोपीला न्यायदंडाधिकारी देऊ शकतात. सुप्रीम कोर्टाने हे २०१९ साली मान्य केलं आणि आता जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३४९ मध्ये ते लिहिलेलंच आहे. तुम्हाला नमुना घेताना हजर राहायला बोलावलं तर एवढंच सुचवा की माणसाला प्रमाण मराठीतला उतारा वाचायला देऊ नका. वाचताना मालवणी माणूस शाळेतली मराठी वाचतो. त्याला त्याच्या बोलीत, त्याच्या विषयावर बोलतं करा.

लैंगिक अत्याचाराचं प्रकरण असेल तर पीडितेची ओळख उघड करणं भारतीय न्याय संहितेच्या (जुन्या दंड संहितेच्या जागी आलेल्या कायद्याच्या) कलम ७२ प्रमाणे गुन्हा आहे. उतारा तयार करतानाच नाव, गाव, नातं झाका. मागाहून झाकू म्हणून ठेवलेली फाइल कुठेतरी फिरतेच.

पायरी ५ : जबाब वाचणं

पोलिसी मराठी ही स्वतःच एक बोली आहे. ‘सदर इसम’, ‘नामे’, ‘समक्ष विचारले असता सांगतो की’, ‘लाथाबुक्क्यांनी मारहाण करून जीवे ठार मारण्याची धमकी दिली’, आणि शेवटी ‘माझा वरील जबाब मी वाचून पाहिला, तो माझे सांगण्याप्रमाणे बरोबर आहे’. रत्नागिरीच्या मिरकरवाड्याचा खलाशी ‘सदर’ म्हणत नाही. त्याच्या जबाबात ‘सदर’ बारा वेळा आला तर याचा अर्थ जबाब खोटा असा होत नाही. लिहिणाऱ्याने स्वतःच्या साच्यात ओतला, एवढाच होतो. आपलं काम ओतताना काय सांडलं ते दाखवणं.

या विषयाचं नाव रूढ झालं ते अशाच एका प्रकरणातून. लंडनमध्ये टिमथी इव्हान्स या जेमतेम अक्षरओळख असलेल्या माणसाला बायको-मुलीच्या खुनाच्या प्रकरणात १९५० साली फाशी झाली. नंतर त्याच घरात राहणारा दुसरा माणूस अनेक बायकांचा खुनी निघाला आणि इव्हान्सला १९६६ साली मरणोत्तर माफी मिळाली. स्वीडिश भाषाशास्त्रज्ञ यान स्वार्त्विक यांनी १९६८ साली त्याचे पोलिसांना दिलेले जबाब तपासले. गुन्हा कबूल करणाऱ्या भागांची वाक्यरचना बाकीच्या भागांपेक्षा वेगळी पडत होती.

दुसरं प्रकरण डेरेक बेंटलीचं. इंग्लंडमध्ये १९५३ साली एकोणीस वर्षांच्या या मुलाला पोलिसाच्या खुनाच्या प्रकरणात फाशी झाली. त्याचा ५८२ शब्दांचा जबाब पोलिसांनी ‘त्याच्याच तोंडचा’ म्हणून मांडला होता. ब्रिटिश भाषाशास्त्रज्ञ माल्कम कुल्टहार्ड यांनी मोजलं: ‘त्यानंतर’ या अर्थाचा शब्द त्यात १० वेळा होता, आणि बऱ्याचदा ‘मी त्यानंतर’ अशा क्रमाने, जो साध्या बोलण्यात विरळा आणि पोलिसांच्या लिखाणात नेहमीचा. १९९८ साली शिक्षा रद्द झाली. ती मुख्यतः मूळ न्यायाधीशांनी ज्युरीला केलेल्या चुकीच्या मार्गदर्शनामुळे, हेही सांगायला हवं, नाहीतर आपण भाषेच्या पदरात नको तेवढं श्रेय टाकतो. त्याच खटल्यात बेंटली साथीदाराला म्हणाल्याचं सांगितलेलं एक वाक्य होतं, ज्याचा अर्थ ‘पिस्तूल त्या पोलिसाला देऊन टाक’ असाही होई आणि ‘हाण त्याला’ असाही. आपल्याकडे ‘दे त्याला’ म्हणून पाहा, तीच गोची.

आपल्या कायद्यात पोलिसांपुढची कबुली मुळातच पुरावा होत नाही, साक्ष्य अधिनियम कलम २३. पण त्याच कलमात वस्तू सापडवून देणाऱ्या विधानाचा अपवाद आहे, आणि तिथे वाक्य कुठे तुटतं हा लाखमोलाचा प्रश्न होतो. १९४७ साली छापल्या गेलेल्या प्रिव्ही कौन्सिलच्या (तेव्हाच्या लंडनमधल्या सर्वोच्च अपील न्यायालयाच्या) निकालापासून नियम असा की शोधाशी जोडलेला तेवढाच तुकडा चालतो. “ज्या कोयत्याने मारलं तो मांगरात ठेवलाय” यातलं ‘मांगरात ठेवलाय’ राहतं, ‘ज्याने मारलं’ गळतं. म्हणून निवेदन पंचनाम्यात, म्हणजे आरोपीच्या अशा विधानाच्या पंचांसमोर केलेल्या नोंदीत, त्याचे शब्द बोलीतच उतरवले आहेत का, ते सगळ्यात आधी पाहा.

वेळेकडेही बघा. कोळी माणूस वेळ घड्याळात सांगत नाही. तो म्हणतो, “अष्टमी होती, सुकती लागून थोडा वेळ झालेला.” सुकती म्हणजे ओहोटी. जबाबात येतं: ‘सायंकाळी ०६.४५ वा. चे सुमारास’. हा आकडा आला कुठून? किनाऱ्यावरचा जुना हिशेब आहे, तिथीची पाऊणपट. चतुर्थीला ३ वाजता, अष्टमीला ६ ला, एकादशीला सव्वाआठला पूर्ण भरती, मग साधारण सहा तास सुकती. म्हणजे ०६.४५ अगदीच चुकीचं नाही. पण साक्षीदाराने दिलेली ढोबळ वेळ लिहिणाऱ्याने मिनिटाच्या खुंटीला टांगली, आणि आरोपी सात वाजता दुसरीकडे दिसला असेल तर सगळा खटला त्या खुंटीवर लोंबकळतो. अहवालात तीन गोष्टी वेगवेगळ्या लिहा: मूळ शब्द काय असावेत, हिशेबाने कुठला पट्टा येतो, त्या दिवसाचं अधिकृत भरतीचं कोष्टक काय सांगतं.

पायरी ६ : निनावी पत्रं आणि मोबाइल

कोकणात निनावी पत्राला दीर्घ परंपरा आहे. सातबारावर सामाईक नावं, बांधावरून भाऊबंदकी, देवळाच्या मानपानाचे वाद. मग तहसीलदारांना, पोलिसांना, कधी नव्या सुनेच्या माहेरी पत्र जातं. खाली सही ‘एक हितचिंतक’ किंवा ‘समस्त ग्रामस्थ’.

नवखा माणूस पत्रात ‘माका’ सापडलं की उड्या मारतो. मालवण तालुक्यात ‘माका’ला वजन शून्य. ‘आणी’ दीर्घ लिहिणारे अर्ध्या जिल्ह्यात सापडतील, तेही शून्य. तुम्हाला हवी ती विरळ सवय, त्याहून बरं म्हणजे चार विरळ सवयींचा गुच्छ: ‘व’च्या आधी नेहमी स्वल्पविराम, ‘कि’ ऱ्हस्व पण ‘नाही’ बरोबर, ‘मु. पो.’च्या जागी ‘मुकाम पोष्ट’, पूर्णविरामाऐवजी उभा दंड. प्रत्येकासाठी विचारा, ही सवय गावात आणखी किती जणांना असेल? त्यासाठी त्याच गावातले, त्याच वयाचे, तेवढंच शिकलेले इतर लोक काय लिहितात त्याचे नमुने लागतात. ग्रामपंचायतीकडे आलेले जुने अर्ज याला उत्तम, अर्थात रीतसर परवानगीने. पत्राची तुलना पत्राशी करा, अर्जाची अर्जाशी. व्हॉट्सॲपवरच्या गप्पा पत्राशेजारी ठेवल्या तर फरक माणसाचा की माध्यमाचा हेच कळत नाही.

जागेचे शब्दही बोलतात. अमेरिकेत भाषाशास्त्रज्ञ रॉजर शाय यांनी खंडणीच्या एका चिठ्ठीत रस्ता आणि पदपथामधल्या गवताच्या पट्टीसाठी वापरलेला शब्द पाहून लिहिणारा ओहायोतल्या ॲक्रनकडचा असल्याचं सांगितलं होतं. आपल्याकडे पायऱ्यांच्या वाटेला ‘पाखाडी’ म्हणणारा रत्नागिरीकडचा असण्याची शक्यता जास्त, घरापुढच्या अंगणाला ‘खळा’ म्हणणारा सिंधुदुर्गाकडचा. शक्यता म्हणते आहे, कारण आधी सांगितलेली सासर-माहेरची गोष्ट इथेही लागू होते, आणि हुशार माणूस मुद्दाम दुसऱ्या गावचा शब्द पेरतो.

मोबाइलवरच्या मजकुरात सवयी जास्त उघड असतात. इंग्रजी लिपीत मराठी लिहिणारा ‘आहे’च्या सुरुवातीला इंग्रजी ‘ए’ अक्षर एकदा घालतो की दोनदा, ‘नाही’ पूर्ण लिहितो की दोन अक्षरांत उरकतो, हसण्याची चित्रं किती टाकतो. इंग्लंडमध्ये २००५ साली १९ वर्षांची एक मुलगी बेपत्ता झाली आणि तिच्या फोनवरून संदेश येत राहिले. ‘माझा’ या अर्थाचा शब्द ती सरळ लिहायची. नंतरच्या संदेशांत तो बोलीतल्या रूपात येऊ लागला, आणि तसं लिहिण्याची सवय संशयिताला होती. कुल्टहार्ड यांनी त्यावर साक्ष दिली, २००८ साली आरोपी दोषी ठरला. पण लक्षात घ्या, तेव्हा फोन आजच्यासारखे पुढचा शब्द सुचवत नव्हते. आज ‘आणि’ बरोबर आलं तर ते माणसाला येतं की कळफलकाला, हे सांगता आलं पाहिजे. बोलून टाइप केलेल्या मजकुरात तर मालवणीचं यंत्राने काय केलं असेल ते देव जाणे.

कधी कधी आपल्याआधी घरच्यांनाच कळतं. अमेरिकेत १९७८ पासून टपालाने बॉम्ब पाठवणाऱ्या माणसाचा ३५,००० शब्दांचा लेख १९९५ च्या सप्टेंबरमध्ये छापला गेला, आणि त्यातली बोलण्याची धाटणी भावाने आणि वहिनीने ओळखली. पुढच्या एप्रिलात अटक झाली. तिथे तज्ज्ञाचं काम घरच्यांचा तो अंदाज जुन्या पत्रांशी ताडून कागदावर आणणं एवढंच होतं.

पायरी ७ : धमकी की माया?

आजी नातवाला म्हणते, “मुडदो बशांदे तुझो, जेवूक ये!” शब्दशः ही मृत्यूची इच्छा. ‘मेल्या’ हे मालवणीत दोस्ताला मारलेली हाक आहे. याच शब्दांनी डोकीही फुटतात. म्हणून शब्दकोश उघडून धमकी ठरवू नका. कोण, कोणाला, कुठे, कुठल्या सुरात आणि पुढे काय घडलं, हे लागतं.

उलटही घडतं. प्रमाण मराठीत ‘नारळ देणे’ म्हणजे घरी पाठवणं. इथे “देवाकडे नारळ ठेवलंय तुझ्या नावान” हे ऐकून गावातल्या माणसाची झोप उडते, आणि परक्या वाचकाला त्यात पूजा दिसते. असं वाक्य समोर आलं तर गाऱ्हाण्याची, म्हणजे देवापुढे नारळ ठेवून कुणाविरुद्ध दाद मागण्याची, पद्धत एक-दोन परिच्छेदांत समजावून सांगा, आणि थांबा. ऐकणारा घाबरला होता का, हे तो स्वतः सांगेल.

पायरी ८ : अहवाल आणि पिंजरा

माझा पहिला अहवाल ३१ पानांचा होता. तो मागवणाऱ्या वकिलांनी विचारलं, “बाई, यातलं उत्तर कुठल्या पानावर आहे?” आता पहिल्या पानावर प्रश्न, उत्तर आणि उत्तराचं वजन. बाकी सगळं मागे.

वजन शब्दांत सांगा आणि शब्दांची चढती भांजणी आधीच ठरवून ठेवा: मत देता येत नाही, किंचित आधार, बरा आधार, भक्कम आधार. ‘शंभर टक्के’ कधीही नाही. न जुळलेल्या गोष्टी जुळलेल्यांइतक्याच ठळक लिहा. समोरचे वकील त्या शोधणारच असतात, त्यापेक्षा आपण दिलेल्या बऱ्या.

उलटतपासणीत पहिला वार बहुधा असा येतो: “मालवणी ही भाषा आहे की अशुद्ध मराठी?” चिडायचं नाही. तिला स्वतःचे नियम आहेत एवढं सांगून ‘जातंय’च्या रूपांचं कोष्टक पुढे करा. दुसरा वार: “तुमचं मत चुकू शकतं का?” हो म्हणा, आणि कुठे चुकू शकतं ते सांगा.

शिक्षणाचं थोडक्यात. भाषाविज्ञानाचा पाया डेक्कन कॉलेजात किंवा मुंबई विद्यापीठाच्या भाषाशास्त्र विभागात घालता येतो. न्यायसहायक विज्ञानासाठी गांधीनगरला राष्ट्रीय विद्यापीठ आहे, २०२० पासून. या एकाच कामावर पोट भरेल असं कोकणात तरी समजू नका. शिकवणं, भाषांतर, दुभाष्याचं काम हाताशी ठेवा.

आणि सरावाला उद्यापासून सुरुवात करायची असेल तर दापोली तालुक्यातल्या हर्णै बंदरावर संध्याकाळी मासळीच्या लिलावाला जा. तांडेलांना (होड्यांच्या प्रमुखांना) आणि लिलावात बोली लावणाऱ्या बायकांना विचारून, त्यांची हरकत नसेल तरच, दोन मिनिटं फोनवर टिपा. घरी येऊन ती दोन मिनिटं तीन ओळींत उतरवा. दुसऱ्या दिवशी तो कागद घेऊन परत बंदरावर जा आणि ज्यांचं बोलणं आहे त्यांनाच वाचून दाखवा. ते कुठे हसतात तिथे खूण करा.